खांबामागची खुर्ची

बायकोच्या नोकरीमागे फिरणारा नवरा होऊन मला आता नऊ वर्षं झाली. नवीन माणूस भेटला की विचारतो, "तुम्ही काय करता?" मी सांगतो, "बाईंचा नवरा आहे. पूर्णवेळ." कुणाला त्यात कमीपणा वाटत असेल तर वाटो बापडा. मी तर मिरवतो. माझी बायको फुटबॉलची कोच आहे, आणि परक्या देशांनी तिकीट पाठवून बोलावून घेतलेली कोच आहे.

आम्ही दोघं एकाच शाळेत नोकरीला होतो. ती पी.टी. शिकवायची, मी ऑफिसात क्लार्क. सगळी शाळा तिला बाई म्हणायची म्हणून मीही म्हणायला लागलो, आधी चिडवायला, मग सवयीने. त्या शाळेच्या मुलींना घेऊन तिने लागोपाठ पाच वर्षं कप आणला, मग राज्याचा संघ हाती घेतला, आणि एक दिवस परदेशातल्या एका क्लबचं पत्र आलं. हा आमचा तिसरा देश. इथल्या मुलींनी माझ्या तोंडून ऐकून तिला 'बाई' म्हणायला सुरुवात केली. त्यांना वाटतं, आमच्याकडे कोचला असंच म्हणतात. मी कशाला दुरुस्त करू?

बाईंचा स्वभाव मात्र सांगितला पाहिजे. तिला सगळं येतं, आणि दुसऱ्या कुणाला काही येतं यावर तिचा विश्वास नाही. मी भाजी चिरली की ती पुन्हा चिरते. मी दाराला कुलूप लावलं की ती ओढून बघते. मैदानावर अकरा मुलींच्या बुटांच्या नाड्या स्वतः तपासते. सहायक कोच म्हणजे तीस वर्षं इथल्याच क्लबात असलेले एक आजोबा. त्यांच्याकडे बाईंनी तेव्हा फक्त पाण्याच्या बाटल्यांचं खातं दिलेलं होतं. मी एकदा म्हणालो, "अगं, त्यांनाही कळतं खेळातलं." तर म्हणाली, "कळतं हो, पण वेळेवर कळत नाही."

आणि वेळ हा तर तिचा जीव की प्राण. सामना तीनला असेल तर दीडला सगळ्या मुली कपडे बदलण्याच्या खोलीत हजर पाहिजेत. त्या खोलीच्या दारावर तिने स्वतःच्या हाताने कागद लिहून लावला होता: 'दीडनंतर येणाऱ्याने प्रेक्षकांत बसावं.' नुसतं प्रेक्षकांत नाही, तर पाचव्या ओळीतल्या कडेच्या खुर्चीवर. त्या खुर्चीसमोर छपराचा लोखंडी खांब येतो. डावीकडचा गोल तिथून दिसतच नाही. ती जागा बाईंनी नकाशात बघून मुद्दाम निवडली होती.

हंगाम संपायला तीन आठवडे राहिले असताना आमची गोल करणारी मुख्य मुलगी चार मिनिटं उशिरा आली. उंचीमुळे मी तिला शिडी म्हणतो. बस वाटेत बंद पडली, पोरगी अर्धा रस्ता धावत आली, घामाने निथळत होती. क्लबच्या अध्यक्षांनी हात जोडले, आजोबांनी रदबदली केली. बाई ढिम्म हलली नाही. शिडी खांबामागे बसली आणि आम्ही हरलो. तेव्हापासून शिडी बाईंशी कामापुरतंच बोलत होती. मुख्य म्हणजे त्या हरण्याने सगळंच शेवटच्या सामन्यावर येऊन ठेपलं. निदान बरोबरी झाली तर क्लब वरच्या गटात राहणार. हरलो तर क्लब खालच्या गटात आणि बाईंचा करार रद्द, तसं कलमच होतं. पन्नाशीच्या बाईला चौथ्या देशात कोण बोलावणार?

आता माझा पराक्रम ऐका. इथे वर्षातून दोनदा सगळ्या देशाची घड्याळं हलवतात. हिवाळ्याआधी तासभर मागे, उन्हाळ्याआधी तासभर पुढे. आपल्याकडे हे नाही, त्यामुळे दर वेळी मी विसरायचो आणि बोलणी खायचो. या खेपेला घड्याळ मागे करायचा दिवस नेमका सामन्याच्या रविवारीच आला. मी पक्कं ठरवलं, या वेळी चूक करायची नाही. पहाटे उठलो, चहाचं आधण ठेवलं आणि स्वयंपाकघरातलं भिंतीवरचं घड्याळ तासभर मागे केलं. इतका खूश झालो की चहात साखर दोनदा घातली. थोड्या वेळाने बाई उठली. तिचं मनगटावरचं चावीचं घड्याळ ती रोज त्या भिंतीवरच्या घड्याळाला लावते. तसं लावलं. "आज उजेड फार दिसतोय," मी म्हणालो. "वेळ बदलली की असंच वाटतं," ती म्हणाली. सामन्याच्या आदल्या संध्याकाळपासून दोघांचेही फोन बंद करून ती कपाटात ठेवते, डोकं शांत राहावं म्हणून. मग घड्याळाप्रमाणे साडेबाराला आम्ही निघालो, कालव्याकाठच्या पायवाटेने, ऐटीत चालत.

मैदानाच्या फाटकाशी पोचलो तर आत मुली पळायला लागलेल्या. गुणफलकावरच्या मोठ्या घड्याळात दोन वाजले होते. बाईंनी मनगट बघितलं. एक वाजला होता. ती माझ्याकडे वळली.

"अहो, तुम्ही घड्याळाला हात लावलात?"

"हो. पहाटे. मागे केलं."

"मी रात्रीच केलं होतं." आवाज अगदी बारीक झाला होता. "मला वाटलं, तुम्ही विसराल."

धरणी दुभंगावी असं मला वाटलं. आजोबा धावत आले. "बाई, किती फोन केले! चला, चला, संघाची यादी मी भरून दिलीय, पण अजून बदलता येईल." त्यांच्यामागून अध्यक्ष आले, रुमालाने टक्कल पुसत. बाई कपडे बदलण्याच्या खोलीच्या दारापर्यंत गेली आणि उंबऱ्याशी थांबली. नाकासमोर तिचाच कागद होता. आत शिडी बुटाची नाडी बांधता बांधता तिच्याकडे बघत होती.

"बाई, तो नियम खेळाडूंसाठी आहे," अध्यक्ष म्हणाले.

"असं लिहिलंय कुठे?" बाई म्हणाली. गळ्यातली शिट्टी काढून तिने आजोबांच्या हातात दिली. "यादी तुमचीच राहू द्या." आणि पायऱ्या चढायला लागली.

मी मागोमाग गेलो. "अगं, चूक माझी आहे. मी सांगतो त्यांना."

"चूक माझी आहे," ती म्हणाली. "तुम्ही तुमचं काम केलं होतं."

मला वाटतं, लग्नानंतर पहिल्यांदाच तिने असं म्हटलं. त्या क्षणी मला तिचा इतका अभिमान वाटला की करार गेला खड्ड्यात असं मी मनात म्हणून टाकलं. पाच मिनिटांनी पुन्हा करारच आठवला, ती गोष्ट वेगळी.

ती खांबामागच्या खुर्चीवर बसली, मी शेजारी. आजोबांनी शिडीला पहिल्यापासून मैदानात उतरवलं होतं. बाईंच्या बेतात ती उत्तरार्धात यायची होती. "गेलं सगळं," ती पुटपुटली. तिचा आवाज दोन मैदानं ओलांडून जातो, पण त्या दिवशी तिने दोन्ही हात मांड्यांखाली दाबून धरले आणि तोंडाला कुलूप लावलं. विसाव्या मिनिटाला समोरच्या संघाने गोल केला. तिच्या कोपराने माझ्या बरगड्यांची काय दशा केली ते मलाच माहीत. मध्यंतरात आजोबांनी वर बघून हातांनी विचारलं, काय करू? बाईंनी मान दुसरीकडे वळवली. आजोबा क्षणभर गोंधळले, मग त्यांनी छाती पुढे काढली आणि मुलींना जवळ बोलावलं. तीस वर्षांत त्यांना कुणी असं एकटं सोडलं नसावं.

दहा मिनिटं राहिली असताना आम्हाला फ्री किक मिळाली, डाव्या गोलासमोर. फ्री किकची चाल बाईंनी मुलींकडून शेकडो वेळा घोटून घेतली होती. शिडीने मारायचं नाही, मारायचं सोंग करून पुढे पळायचं, मागून दुसरीने मारायचं. शिडी धावली. आणि तिनेच मारला.

"चुकली!" बाई ओरडली. सगळ्या ओळी वळून बघायला लागल्या.

चेंडू खांबामागे गेला. पुढचं तिला दिसलं नाही. मैदान एकदम उसळलं, पण कुठल्या बाजूचे लोक ओरडताहेत ते तिला कळेना. तिने माझी बाही पकडली. उठून बघितलं नाही, खांबाच्या कडेने वाकून बघितलं नाही.

"अहो, गेला का?"

"गेला."

"नक्की?"

मी काही बोलण्याआधी तीच म्हणाली, "बरं. तुम्ही म्हणता तर गेला." आणि डोळे पुसायला लागली.

एक-एक बरोबरी. करार राहिला, क्लब राहिला. मुली नाचत होत्या, तरी बाई खुर्चीवरून हलेना. नियम सामन्याच्या संपूर्ण दिवसाचा असतो म्हणे. शेवटी शिडीच वर आली, गुडघ्यांना चिखल, आणि पुढच्या ओळीत उलटी बसली.

"बाई, इथून काही दिसत नाही ना?"

"एक गोल अजिबात दिसत नाही," बाई म्हणाली. "आणि तू चाल मोडलीस."

"त्यांच्या मुलींनी आमची चाल ओळखली होती. मागची मुलगी अडकली असती. तुम्हाला खांबामुळे दिसलं नसेल."

बाईंनी तिच्या गुडघ्यांवरचा चिखल बघितला. "बस बंद पडली तर माणसाने काय करायचं असतं?" तिने विचारलं.

"धावायचं. मी धावले होते."

"हो," बाई म्हणाली. "मी बघितलं होतं. तेव्हाच बोलायला हवं होतं मी." शिडीने तिचा हात धरला आणि त्या दोघी गर्दीतून खाली उतरल्या. मला कुणी विचारलंही नाही.

दारावरचा कागद अजून तसाच आहे. आजोबा आता संघाची यादी लिहितात आणि बाई ती दोनदा वाचून, दात-ओठ खाऊन, तशीच पाठवते. उन्हाळ्याच्या तोंडावर घड्याळ तासभर पुढे करायचा दिवस आला, तेव्हा दुसऱ्या दिवशी नव्या हंगामाचा पहिला सामना होता. संध्याकाळी फोन कपाटात ठेवता ठेवता ती म्हणाली, "अहो, घड्याळाचं तुम्ही बघा," आणि आत गेली. मी स्टुलावर चढलो, काटा फिरवला, आणि ती मागून बघायला येईल म्हणून तसाच उभा राहिलो. ती आली नाही. आतून घोरणं ऐकू यायला लागलं.

मग मीच तीनदा उठून बघितलं.