हेस्टर प्रुइटला ऐकू येत नव्हतं

हॉलीवूडमध्ये हेस्टर प्रुइटला चेहऱ्यानं सगळे ओळखत, नावानं फार थोडे. नायिकेची मोलकरीण, मावशी, नर्स अशा कामांत तिची उमेदीची वर्षं सरली. मग एका तापात तिचे कान गेले. तिनं ते कुणाला कळू दिलं नाही. समोरच्याचे ओठ वाचून ती बिनचूक बोलायची.

त्या दिवशी मात्र नायिका कॉरिन व्हेल हट्टाला पेटली. "कॅमेऱ्याला माझी डावी बाजूच दिसली पाहिजे. मी खिडकीकडे तोंड करून बोलणार."

म्हणजे हेस्टरकडे पाठ. तिचे ओठ दिसणार नव्हते.

शॉट सुरू झाला. कॉरिनचे खांदे हलले, थांबले. बोलून झालं, की नुसता श्वास घेतला? हेस्टर अंदाजानं बोलली. कॉरिन गर्रकन वळली. "माझं वाक्य मध्येच तोडलंस!"

दुसऱ्यांदाही तेच. दिग्दर्शक लिंडक्विस्टनं टोपी आपटली.

कॉरिन जवळ आली, रोखून बघत राहिली. "घाबरलीस का गं?"

"नाही, मॅडम."

सगळे हेस्टरकडे वळून बघू लागले. दिवेवालासुद्धा. तेव्हा तिला उमगलं, कॉरिननं आवाज न काढता नुसते ओठ हलवले होते.

"बघा! ठार बहिरी आहे ही!"

हेस्टरनं मान वर केली. "आहे. पण आजवर माझ्यामुळे एक शॉट वाया गेलाय का?"

"आज गेले ना!" लिंडक्विस्ट खेकसला.

"आज मला पाठच दिसतेय. मॅडम, बोलून झालं की हातातला कप टेबलावर ठेवा. माझा हात टेबलावर असेल, मला कळेल."

"आणि नाही ठेवला तर?"

"तर माझं काम गेलं."

लिंडक्विस्ट म्हणाला, "शेवटची संधी. नाहीतर दुसरी बघतो."

खांदे हलले, थांबले. कप हातातच. हेस्टरनं तळवा टेबलावर घट्ट दाबला. कॉरिन ठेवतच नव्हती.

मग लाकूड थरथरलं.

"तुम्ही गेलात तर मी कुणासाठी दार उघडायचं?" हेस्टरनं मोलकरणीचं वाक्य म्हटलं. कॉरिन ठरलं नसताना वळली. डोळे भरलेले, आणि उजवी बाजू कॅमेऱ्यात. लिंडक्विस्टनं शॉट थांबवला नाही.

बहिरेपणाची बातमी पसरल्यावर कित्येकांनी हेस्टरला बोलावणं बंद केलं. लिंडक्विस्टनं मात्र शेवटपर्यंत कामं दिली. कॉरिननं माफी मागितली नाही. पण त्या शॉटच्या दुसऱ्या दिवशी तालमीला ती खुर्ची ओढून हेस्टरच्या समोर बसली.

"चल, पहिल्यापासून वाचू," ती म्हणाली.