खरी तार

माइकच्या काळ्या स्पंजला कुणाच्या तरी ओठांची लाली लागली होती – आधी भाषण करून गेलेल्या पोरीची असणार – आणि ओदिल त्या डागाकडेच बघत राहिली, कारण मान वर केली की पडद्यावर तीच होती, सव्वीस वर्षांची, हातात तार घेऊन रडणारी. थिजवलेलं चित्र. चाळीस वर्षं ही बया रडतेच आहे... पॅरिसमधल्या असल्या लहानशा थिएटरांत, रविवारच्या दुपारी, म्हाताऱ्या रसिकांसमोर.

"मादाम, हे रडणं आणलंत तरी कुठून?" सूत्रसंचालक बेर्त्रां म्हणाला. "आज सांगाच."

दर वेळी ती म्हणायची, दिग्दर्शक फाब्रेगनं काढून घेतलं. मग त्याच्या नावानं टाळ्या. त्या एका दृश्यावर बक्षीस, पुढे अठरा चित्रपट, सगळ्यांत विधवा नाहीतर टाकलेली बायको, एकदा विनोदी काम मागितलं, तर फाब्रेग म्हणाला होता, "तुझ्या तोंडाला दुःखच शोभतं गं." आता तो मेला होता. अजून कुणाची भीड धरायची?

"तार खरी होती," ती म्हणाली. "माझे वडील वारले, तिकडे समुद्रकाठी, ब्रतान्यला. तार सोमवारी सेटवर आली. फाब्रेगनं ती खिशात ठेवली आणि गुरुवारी कॅमेरा चालू करून माझ्या हातात दिली. बुधवारीच त्यांना पुरलं होतं."

पुढच्या रांगेतली एक बाई पुटपुटली, "नीच मेला!" – आणि ओदिलला वाटलं, सुटले.

पण बेर्त्रांचे डोळे भरून आले होते. "ऐकलंत? कलेसाठी काय काय सोसावं लागतं!"

टाळ्या. लोक उभे राहिले... ती पुटपुटणारी बाईसुद्धा.

वडिलांच्या हातांना होड्यांच्या डांबराचा वास यायचा, जन्मात ते सिनेमाला गेले नव्हते – हे सांगायला तिनं तोंड उघडलं आणि मिटलं. कारण मग उरलेलंही सांगावं लागलं असतं. पहिल्या वेळी ती नुसती किंचाळली होती, चित्र हललं, वाया गेलं. फाब्रेग म्हणाला, "अजून एकदा." आणि ती गेली नाही. निघून जायला दार उघडं होतं, कुणी अडवलं नसतं... तिनं नाक पुसलं, जमिनीवरच्या खडूच्या खुणेवर जाऊन उभी राहिली. पडद्यावर आहे ते दुसरं रडणं.

टाळ्या थांबत नव्हत्या. त्यांच्या आडून तिला स्वतःचाच कोवळा, कामसू आवाज ऐकू येत होता, "तार कुठल्या हातात धरू?"