रोमनाचं घर

रजनीबाईंनी खापराची कड जिभेवर टेकवली आणि ती उन्हात धरली. ओली झालेली कड तांबूस दिसत होती, मध्ये एक काळी रेघ. त्यांनी भिंग लावलं, काढलं, पुन्हा लावलं.

"मॅडम, आधी टेकाडाचा फोटो घेऊ का? ऊन चढलं की सगळं सपाट दिसेल," चारीच्या काठावरून अवधूत म्हणाला.

"खाली ये."

"कव्हरसाठी एवढा एकच..."

"अवधूत, खाली ये."

अवधूत त्यांचा जुना विद्यार्थी, आता स्वतः पुण्यात प्राध्यापक. पँट दुमडून तो चारीत उतरला. पाण्याच्या पाइपसाठी गेल्या आठवड्यात जेसीबीनं पांढरीच्या, म्हणजे जुन्या वस्तीच्या, टेकाडाची एक बाजू कापली होती. कापलेल्या भिंतीत भाजलेल्या मातीचा लाल पट्टा होता, राख होती आणि राखेत हातभर उंचीचे दोन लांबट रांजण एकमेकांत रुतून चिकटले होते. एकाचं पोट दुसऱ्यात वितळून बसलं होतं.

"काय आहे हे?"

अवधूत बराच वेळ बघत राहिला. "कुंभाराच्या आव्यात, भाजताना बिघडलेला माल."

"कान बघ."

"आपलेच आहेत," तो हळू म्हणाला. "म्हणजे पुस्तकातलेच."

"बिघडलेलं भांडं कुणी जहाजात घालून परदेशी पाठवत नाही. हे इथंच केलेलं आहे."

रजनीबाईंचं सगळं आयुष्य या कानांना धरून उभं होतं. अंबडच्या एका वकिलाची ही मुलगी पुण्यात लॅटिन आणि ग्रीक शिकली, रोमजवळच्या उत्खननांत सात वर्षं राबली आणि चाळिशीत परत आली. घनसावंगीपलीकडे, गोदावरीकाठच्या शेवंतगव्हाणच्या टेकाडावर तिला रांजणांचे हे कान सापडले. अशा रांजणांतून रोमची दारू थेट इथवर येत होती, असं तिनं पुस्तकात मांडलं. पुस्तकाइतकीच तिची जीभही गाजली. एका मंत्र्यानं व्यासपीठावर ही भांडी पाच हजार वर्षांची ठरवली, तेव्हा 'मंत्र्यांनी फिती कापाव्यात, काळ मोजू नये' असं ती माइकवरच बोलली. पुरातत्त्व खात्याचं संचालकपद हुकलं. त्याचं तिला कधी वाईट वाटलं नाही. आता ती चौऱ्याहत्तर वर्षांची होती आणि सोमवारी पुस्तकाची तिसरी आवृत्ती छापायला जाणार होती. मुद्रितं गाडीतच होती.

मोजपट्टी ठेवून अवधूतनं चारी बाजूंनी फोटो काढले, जागा नोंदवली, मग दोघांनी तो चिकटलेला जोड राखेतून अलगद मोकळा केला. तोवर रजनीबाई दोनदा चारीतून वर आल्या आणि दोनदा परत खाली उतरल्या.

"एक तळटीप टाकू," अवधूत म्हणाला. "सविस्तर पुढच्या आवृत्तीत बघता येईल."

"माणसाचा अपमान ठळक अक्षरात करायचा आणि चूक बारीक अक्षरात कबूल करायची?"

कोणता माणूस, ते अवधूतला विचारावं लागलं नाही. गावातल्या शाळेचे रामकिसन गुरुजी. कान सापडले तेव्हा त्यांनी एक पोस्टकार्ड पाठवलं होतं: हे रांजण आमच्याच कुंभारांचे असावेत, टेकाडाखालच्या शेताला लोक अजून आव्याचं शेत म्हणतात. रजनीबाईंनी ते पत्र पुस्तकात जसंच्या तसं छापलं आणि खाली लिहिलं, 'गावाच्या प्रेमापोटी माणूस खापरांनाही नातेवाईक करतो.' व्याख्यानांत या वाक्याला हमखास हशा यायचा.

दोघं गावात पोचले तेव्हा गुरुजी घराच्या ओट्यावर बसले होते. वय पंच्याऐंशी, डोळ्यांत मोतीबिंदू. त्यांच्या सुनेनं, उषाबाईंनी, खुर्ची आणून ठेवली. रजनीबाई बसल्या नाहीत. त्यांनी तो जोड गुरुजींच्या मांडीशी ठेवला.

"गुरुजी, तुमचं बरोबर होतं. मी चुकले."

गुरुजींनी दोन्ही हातांनी रांजण चाचपले. कान सापडले तिथं त्यांची बोटं थांबली.

"बराबर होतं मंग," ते म्हणाले. चेहऱ्यावर आनंद काही दिसला नाही. "पण मी तर तुमचं मानून घेतल्तं, बाई. एवढ्या शिकलेल्या बाईनं छापलं म्हणल्यावर आपलंच चुकलं आसंल."

"राग नाही आला?"

"आल्ता. दोन दिवस. पण माझ्या हातून दुसरंच वाईट झालं." त्यांनी रांजण थोडे बाजूला सरकवले. "तुमचं पुस्तक यायच्या आधी मीच कुंभारगल्लीत जाऊन सांगितल्तं, हे तुमच्या वाडवडलांनी बनवलंय. गिरिधर कुंभार लई खूश झाला. गावभर सांगत फिरला. मंग पुस्तक आलं, अन मीच पुन्हा जाऊन सांगितलं, न्हाई बाबा, हे तुमचं न्हाई, रोमचं हाय."

"कुठं भेटतील ते?"

"गिरिधर गेला. पोरगा हाय, भागवत. पण गावात भागवत कुंभार विचारू नका, जल्दी कळायचं न्हाई कुणाला. रोमनाचं घर विचारा."

रजनीबाईंनी अवधूतकडे पाहिलं. त्यानं मान खाली घातली.

किराणा दुकानातल्या बाईनं नाव ऐकताच बोट दाखवलं. "रोमन व्हय? शाळंच्या मागं, वीटभट्टीवर आसंल." आणि ती उगाचच हसली.

भागवत पंचेचाळिशीचा. तो विटा रचत होता. अवधूत ओळख करून द्यायला लागला, पण रजनीबाईंचं तिकडं लक्ष नव्हतं. त्यांनी वाकून एक वीट उचलली. विटेच्या खळग्यात अक्षरं उमटली होती: रोमन.

"हे नाव कसं पडलं?"

"आमच्या बापाला पडलं," भागवत हात झटकत म्हणाला. "त्यानं सगळ्यांला सांगितल्तं ना, टेकाडावरची मडकी आमच्या पणज्यांची म्हणून. पुस्तकात ते खोटं निघालं. मंग जो तो म्हणायचा, काय रोमन, मडकं केवढ्याला? लग्नाच्या पंगतीतबी. त्यानं चाकच बंद केलं. मी भट्टी टाकली तवा म्हणलं, नाव पडलंच हाय तर साच्यात घालू. आता वडीगोद्रीपस्तोर रोमन वीट म्हणूनच जाती."

त्याच्या आवाजात तक्रार नव्हती. गिऱ्हाइकाला भाव सांगावा तसं त्यानं सांगितलं.

"ते पुस्तक माझं," रजनीबाई म्हणाल्या.

भागवत त्यांच्याकडे बघत राहिला. मग घराकडे तोंड करून म्हणाला, "पाणी आणा गं कुणीतरी."

रजनीबाईंनी सोबत आणलेल्या जोडावरचं फडकं काढलं आणि टेकाडात काय सापडलं ते सांगितलं. नेहमी भराभर बोलणाऱ्या त्या मध्येच अडखळत होत्या. भागवतनं रांजण हातात घेतले, उलटे केले, मानेत अंगठा घालून आतून फिरवला.

"घाई झाली ह्याला," तो म्हणाला. "जवळजवळ रचली, अन जाळ एकदम लई दिला. चांगला हात होता पण. मान बघा कशी काढली." त्यानं वर पाहिलं. "आमच्यातलाच आसंल का हा?"

"इथलाच होता. तुमच्यासारखाच कुणीतरी. दोन हजार वर्षांपूर्वीचा."

भागवतनं रांजणाच्या मानेवरची राख अंगठ्यानं पुसली. रजनीबाई एका पायावरून दुसऱ्या पायावर भार टाकत उभ्या होत्या.

"सोमवारी पुस्तक छापायला देणार नाही मी. सगळं परत लिहिणार आहे. पण मग तुमच्या विटेच्या नावाचं..."

"वीट वीट आस्ती, बाई. घर बांधणारा पुस्तक वाचत न्हाई." त्यानं रांजण विटांच्या थप्पीवर नीट टेकवून ठेवले. "छापा. बिलकुल छापा. पण एक करा. त्यात आमच्या बापाचं नाव घाला. गिरिधर. रोमन नका घालू."

अवधूतनं न सांगता गाडीतून मुद्रितं आणली. रजनीबाई विटांच्या ढिगावर बसल्या, गुरुजींच्या पत्राचं पान काढलं आणि पत्राखालचं ते वाक्य आडव्या रेघेनं खोडलं. समासात भरपूर जागा होती.

"पूर्ण नाव सांगा त्यांचं."

भागवतनं तोंड उघडलं. मग तो भट्टीकडे वळला आणि तिकडंच बघत उभा राहिला.

"थांबा जरा," तो म्हणाला. "रोमन सोडून त्याचं नाव लई वर्सांत कुणी विचारलं न्हाई."

रजनीबाई पेन धरून थांबल्या.