हौशाने ओढलेला पडदा

मित्रांनो, मी एक जुना पडदा आहे, जत्रेतल्या तंबू-सिनेमाचा. मांजरपाटाचे पट्टे जोडून मला शिवले. माझ्या एका बाजूला पुरुष बसत, दुसऱ्या बाजूला बायका. बायकांना अक्षरे उलटी दिसत, पण रडू तेवढेच येई.

माझा मालक बसप्पा आणि त्याची बायको महादेवी. आमचे सामान एका जत्रेतून दुसऱ्या जत्रेत ओढून नेई तो हौशा बैल. प्रत्येकाच्या खिशात मोबाईल आला होता, तरी आमचा एक जुना काळा-पांढरा चित्रपट भरगच्च चाले. त्यात गावात ट्रॅक्टर येतो, मुलगा म्हातारा बैल विकतो आणि बाप अनवाणी धावत जाऊन त्याला परत आणतो. बसप्पा हौशाला तंबूच्या दारात बांधून सांगे, "सिनेमातला बैल ह्योच हाय." ते खोटे होते, पण बायका हौशाला कुंकू लावत, पोळी भरवत.

पुढे हौशाचे गुडघे सुजले आणि बसप्पाने टेम्पो घेतला. कपिलधारच्या जत्रेत महादेवी म्हणाली, "अहो, त्याला घरी ठेवू. वैरण मी घालीन."

"टेम्पोत डिझेल घालू का ह्याला कडबा? कुणी नेला तर बघ. न्हाई तर हितंच सोडायचा."

खेळ सुटला. लोक डोळे पुसत बाहेर आले. सगळ्यांत जास्त रडले होते तलवाड्याचे बागाईतदार अर्जुनराव. महादेवीने त्यांनाच गाठले.

"दादा, ह्याला न्या. फुकट."

"आमच्याकडं दोन ट्रॅक्टर हायेत, बाई."

"मग आत कावून रडत होता?"

"तो बैल लई गुणाचा होता," अर्जुनराव म्हणाले. आजूबाजूचे हसले.

सकाळी टेम्पो निघाला. मी टपावर बांधलेला होतो. हौशा मागे धावू लागला. आपल्यावाचून सामान कसे निघाले, हे त्याला कळेना. "थांबा," महादेवी म्हणाली. बसप्पाने ड्रायव्हर लखनला सांगितले, "हॉर्न वाजव बे, आन् पळव." हॉर्नने हौशा बुजला, चढावर गुडघ्यांवर पडला. पुन्हा उठला नाही. आम्ही थांबलो नाही.

पाटोद्याला तोच चित्रपट लागला. बाप बैलामागे धावला, तेव्हा मशीनजवळ उभ्या बसप्पाने उपरण्याने डोळे पुसले. बायकांच्या बाजूला महादेवी कोरड्या डोळ्यांनी माझ्याकडे बघत होती.

मित्रांनो, चित्रपट पाहून रडू आले तर जरूर रडा. पण त्याआधी आपल्या दारातल्या मुक्या जिवाला आज पाणी पाजले का, तेवढे पाहून या.