गुंडाच्या घरचा प्रयोग

नाटकवाल्या बाईंनी शब्द जरा जपून वापरायला हवा होता. आणीबाणीचं दुसरं वर्ष चालू होतं. बाप्यांना जीपमध्ये कोंबून नसबंदीला नेतात, अशी बोलवा बाजाराबाजारात होती. आणि सोलापूरच्या या बाई होटगीच्या रानात, मेंढरं राखणाऱ्या गुंडाच्या अंगणात येऊन त्याच्या बायकोला, राजाबाईला, खुशाल सांगून गेल्या की रविवारी तुमच्या घरी प्रयोग आहे. शहरातले लोक येतील, भिंतीला टेकून गप्प बसतील, तुमचं रोजचं जगणं बघतील. सरपंचाने आधीच होकार दिलेला, तेव्हा राजाबाईला विचारतंय कोण!

संध्याकाळी गुंडाने ऐकलं आणि हातातली घोंगडी खाली ठेवली.

"परयोग? कुणावर?"

"आपल्यावर," राजाबाई म्हणाली. पदरात एकच लेक, तीही अजून पाळण्यात.

रविवारी जीपचा आवाज आला तेव्हा अंगणातलं पेव नुकतंच उघडलं होतं. जमिनीखालचं हे ज्वारीचं कोठार उघडल्याबरोबर आत उतरायचं नसतं. कोंडलेली हवा माणसाचा जीव घेते. इथल्या शेंबड्या पोरालाही हे ठाऊक असतं, गुंडालाही होतं. तरी तो उतरला, आणि राजाबाईने स्वतःच्या हाताने वर फरशी सरकवली.

लोक भिंतीला टेकून बसले. राजाबाई चुलीपुढे भाकरी थापू लागली. एवढे डोळे पाठीवर आणि कुणी चकार शब्द बोलेना. एखादा नुसता खोकला असता तरी तिला बरं वाटलं असतं. फरशी काढावी तर नवरा यांच्या हाती लागणार, न काढावी तर आत गुदमरणार. तव्यावरची भाकरी करपली, घरभर धूर झाला. लोकांनी तेही मन लावून पाहिलं.

शेवटी तिला राहवेना. धावत जाऊन तिने फरशी ढकलली, हाक मारली. ओ आली नाही. ज्वारीवर गुंडा मान टाकून पडला होता.

बाहेर काढा त्याला, म्हणून ती लोकांच्या हातापाया पडली. चष्मा लावलेल्या एका बाईने डोळ्यांना पदर लावला, पण जागचं कुणी हललं नाही. काहीही झालं तरी मध्ये पडायचं नाही, असं बजावूनच त्यांना आणलेलं. नाटकवाल्या बाईसुद्धा बघतच राहिल्या. राजाबाईला त्या सगळ्यांची भयंकर भीती वाटली, आणि तेवढ्यात बाईंचा शब्द आठवला.

"परयोग संपला," ती ओरडली. "उटा आता."

तशी सगळी माणसं उठली. पेवात ज्वारी बरीच वर होती म्हणून पालथं पडून दोघांचे हात गुंडाच्या काखेपर्यंत पोचले. त्याला वर ओढून वाऱ्यावर निजवलं, तोंडावर पाणी मारलं. बऱ्याच वेळाने त्याने श्वास घेतला.

डोळे उघडले तर वर सगळे पांढरे सदरे वाकलेले. गुंडाने दोन्ही हातांनी धोतर घट्ट धरलं.

"झालं का गं?" त्याने विचारलं.

"न्हाय," राजाबाई म्हणाली. "ती समदी नुसती बघत हुती."