इसोए-सान काय म्हणाल्या

खट्. जरा वेळ काहीच नाही. मग पुन्हा खट्.

पहाटेचे साडेपाच. नोनोका माझ्या दंडावर डोकं ठेवून झोपलेली, आणि कागदी दारापलीकडे सासूबाई पर्सचा खटका उघडत होत्या, मिटत होत्या. अर्ध्या तासापासून हेच चाललं होतं. मी हळूच हात सोडवून दार सरकवलं, तर त्या कोटबिट घालून तयार, गुडघ्यांवर बसलेल्या.

"आई, गाडी आठची आहे."

"माहीत आहे. झोप तू."

"पण भाताचे मुटके करायचेत अजून."

"झाले करून. नोनोकाच्यात खारा मासा घातलाय. तात्सुयाचे झाकून ठेवलेत. त्याला म्हणावं, उभ्याने खाऊ नकोस."

पुढच्या महिन्यात त्यांना ऐंशी वर्षं पूर्ण होणार होती. भेट काय हवी असं विचारलं की दरवर्षी "घर भरलंय वस्तूंनी, काही नको" म्हणणाऱ्या सासूबाईंनी या वर्षी झटकन सांगितलं, एक दिवस हिरोशिमाला जायचं, आपल्यापुरता गाईड घेऊन. माझा नवरा, तात्सुया, चकितच झाला. स्वतःचं गाव ओनोमिची सांगणाऱ्या त्याच्या आईने त्या शहराचं नाव कधी काढलं नव्हतं. ऑगस्टात टीव्हीवर तिथली घंटा वाजायला लागली की त्या भांडी घासायला उठायच्या. पण मागितलंय तर मागितलंय, म्हणून मी गाईड ठरवला, तिकिटं काढली. गाईडला नंतर त्यांनी परस्पर दोनदा फोन केला होता, हे मला माहीत नव्हतं.

हिमेजी सुटल्यावर नोनोका खिडकीला नाक लावून बोगदे मोजायला लागली आणि ओकायामाच्या पुढे झोपली. पाच वर्षांची आहे, गाडीत बसली की वात विझावी तशी विझते. सासूबाईंनी तिच्या पायांवर आपली शाल टाकली.

"चिहारु-सान," त्या समोरच्या सीटकडे बघत म्हणाल्या, "मी ओनोमिचीची नाही."

मी काही बोलणार तेवढ्यात बोगदा संपला आणि त्या गप्प झाल्या. पुढचा बोगदा आल्यावर पुन्हा बोलल्या. सगळं त्यांनी असंच सांगितलं, अंधारात थोडं, उजेड आला की थांबून. त्यांची आई किओनो हिरोशिमात होती. बाँब पडला तेव्हा फुसाए, म्हणजे माझ्या सासूबाई, तिच्या पोटात सहा महिन्यांच्या होत्या. बाप सापडलाच नाही. आई पश्चिमेला कोईच्या टेकडीकडे पळाली, मग नातलगांकडे ओनोमिचीला गेली, आणि तेव्हापासून दोघी तिथल्याच झाल्या. विचारलं कोणी तर तिथल्याच.

"का?" मी विचारलं. काय मूर्खासारखा प्रश्न.

"का म्हणजे? लग्नं मोडायची, बाई. माझं मोडलं असतं. मग वाटलं, तात्सुयाचं होऊ दे. ते झालं. मग वाटलं, बाळ होऊ दे, धडधाकट निघू दे." त्यांनी शाल नोनोकाच्या घोट्यांवर आणखी खाली ओढली. "आता ऐंशी झाली. मला ओनोमिचीची म्हणून मरायचं नाही. माझ्या आईने एवढं सोसलं आणि ते मी आयुष्यभर कपाटात कोंबून ठेवलं."

त्यांना बाँबग्रस्त म्हणून नोंद हवी होती, आणि ती नोंद झाल्यावर मिळते ती लहानशी पुस्तिका. त्यासाठी त्यांच्या आईला तिथे पाहिलेल्या माणसाने तसं सांगावं लागतं. असं माणूस आता एकच जिवंत होतं, त्यांच्या आईची शेजारीण, इसोए. तेव्हा सोळा वर्षांची होती, आता शहाण्णवची. कोईमधल्या एका वृद्धाश्रमात. भेटीची वेळ दुपारी दीड ते सव्वादोन. पर्सच्या खटक्याआड होता तो अर्जाचा कागद.

"तात्सुयाला संध्याकाळी मी स्वतः सांगेन," त्या म्हणाल्या. "इसोए-सान बोलल्या तर. नाही बोलल्या, तर सांगून काय उपयोग? तूही विसरून जा."

गेल्या वर्षी उन्हाळ्यात नोनोकाचा घोळणा फुटला होता. साधाच, उन्हाने. सासूबाई तिला उचलून अनवाणी दवाखान्यात धावल्या आणि रक्त तपासल्याशिवाय हलायला तयार होईनात. मी आठवडाभर मैत्रिणींना तो किस्सा नकला करून सांगत होते.

मी औषधांच्या दुकानात काम करते. इतक्या वर्षांच्या तपासण्यांमध्ये बाँबच्या किरणांचं मुलानातवंडांत काही उतरल्याचं सापडलेलं नाही, हे मला माहीत आहे, दुसऱ्या कोणी विचारलं असतं तर मीच ठणकावून सांगितलं असतं. तरी माझा हात नोनोकाच्या मानेकडे गेला आणि कानामागे गाठी चाचपत राहिला. काही नव्हतं. मी पुन्हा चाचपलं. झोपेतच तिने माझा हात झटकला. आणि तेव्हा, हिरोशिमा यायच्या दहा मिनिटं आधी, माझ्या मनात आलं की इसोए-सानांना काही आठवू नये.

स्टेशनवर गाईड उभे होते. कादोवाकी-सान, सत्तरीचे, अडतीस वर्षं इथल्या ट्राम चालवून निवृत्त झालेले, हातात मिनिटामिनिटाचं वेळापत्रक छापलेला कागद.

"नऊ पन्नासला पूल," त्यांनी वाचलं. "नऊ अठ्ठावन्नला घुमट. दहा दहाला—"

"ते राहू द्या," सासूबाई म्हणाल्या. "कोईला कधी?"

"फुसाए-सान, भेट दीडची आहे. आत्तापासून जाऊन दाराशी उभं राहायचं का? माझी ट्राम अडतीस वर्षांत कधी लवकरही पोचली नाही."

"मग उशिरा पोचली असेल."

"चार मिनिटं. एकदा. म्हैस आडवी आली होती."

"शहरात म्हैस?" नोनोकाचे डोळे मोठे झाले.

"म्हशीएवढा माणूस होता, पोरी. दारू प्यालेला."

नोनोका त्यांची झाली ती तिथेच. मग बाँबच्या स्मारकाच्या बागेत तिने त्यांचा हात सोडला नाही. शाळांच्या सहली रंगीत टोप्या घालून चालल्या होत्या, रांगेतली मुलं एकमेकांच्या पाठीवर बुक्के मारत होती. बाँबमधून उरलेल्या त्या घुमटाकडे एकदाही न बघता सासूबाई त्याच्या समोरून गेल्या. मृतांची नावं ठेवलेल्या दगडी कमानीपाशी मात्र त्या थांबल्या, वाकल्या, आणि इतका वेळ वाकून राहिल्या की मागची रांग खोळंबली. सरळ झाल्यावर त्यांनी घड्याळ बघितलं. संग्रहालय नको म्हणाल्या. बाकावर बसायलाही नको.

जेवायला कादोवाकी-सान आम्हाला तव्यावरच्या कोबीच्या जाड पोळीसाठी घेऊन गेले. दुकानाच्या मालकिणीने आम्हा बाहेरगावच्यांपुढे चॉपस्टिक ठेवल्या. सासूबाईंनी त्या बाजूला सारल्या, छोटं उलथनं घेतलं आणि तव्यावरूनच एक चौकोन तोडून फुंकर मारत तोंडात टाकला. इथल्या लोकांसारखं उलथन्याने खायचं हे त्यांना कोणी शिकवलं असेल? घरात असं काही कधी झालं नव्हतं. मालकिणीने बघितलं आणि चॉपस्टिक गुपचूप उचलून नेल्या.

मी माझी पोळी तव्यावर नुसती सरकवत होते.

"आई, तुझं मी खाऊ?" नोनोकाने विचारलं आणि उत्तराची वाट न बघता खाल्लं.

कोईला ट्रामनेच गेलो. वृद्धाश्रमाच्या दारात बूट काढून हिरव्या सपाता घातल्या. नोनोकाच्या मापाच्या नव्हत्या म्हणून ती मोज्यांवरच घसरत आली. इसोए-सान खिडकीजवळ चाकाच्या खुर्चीत बसल्या होत्या. मांडीवर धुतलेल्या टॉवेलांचा ढीग होता. एकेक टॉवेल घेऊन त्या दुमडत, बाजूला ठेवत, आणि सेविका येऊन तोच ढीग उलगडून पुन्हा त्यांच्या मांडीवर देई.

सासूबाई त्यांच्यासमोर जमिनीवर गुडघे टेकून बसल्या. आईचा फोटो दाखवला. जुन्या गल्लीचं नाव घेतलं, विहिरीचं, शेजारच्या छत्रीवाल्याचं.

"किओनोची मुलगी मी. किओनो. आठवतं?"

इसोए-सान प्रसन्नपणे हसल्या आणि टॉवेल दुमडला.

"नाव, जागा, आणि डोळ्यांनी पाहिलं एवढं आलं तरी पुरे," कादोवाकी-सान माझ्या कानात म्हणाले. त्यांनी कागद गुडघ्यावर धरला होता, पेनचं टोपण काढून. "मी ऐकणारा म्हणून सही करीन. घाई नाही."

घाई नाही म्हणणाऱ्या त्या माणसाने पाच मिनिटांत तीनदा घड्याळ बघितलं. दोनला वीस कमी. दोनला पाच कमी. सासूबाईंचा आवाज चढला, मग एकदम खाली आला.

"पाय आखडले," त्या म्हणाल्या. त्यांना उठता येईना. कादोवाकी-सानांनी हात दिला. "चला, गरम चहा घेऊ मशीनचा," ते म्हणाले. दोघं बाहेर गेले. जाताना सासूबाईंनी माझ्याकडे बघितलं नाही, तोंड चुकवून गेल्या.

खोलीत आम्ही तिघी उरलो. नोनोका एक टॉवेल घेऊन दुमडायला लागली, वेडावाकडा. मी दाराकडे बघत होते. मला मोकळं वाटत होतं, हे खोटं कशाला सांगू? संध्याकाळी घरी जाऊ, तात्सुया विचारेल कशी झाली सहल, आणि मी म्हणेन, पाय दुखले.

तेवढ्यात माझ्या पोटावर एक हात आला. हलका, कोरडा, टॉवेलाच्या उबेचा.

"लाथा मारतंय ना अजून, किओनो-सान?" इसोए-सान म्हणाल्या. आवाज वेगळाच होता, मुलीचा. "काल रात्री टेकडीवर तू मला कान लावायला लावलास. मी म्हटलं होतं ना, जिवंत आहे म्हणून. पायात एक पुरुषी बूट आणि एक काहीच नाही, अशी चालत आलीस तू कोईपर्यंत. बस आता. बस ना."

मी बसले नाही. मी तिथेच उभी, त्यांचा हात माझ्या स्वेटरवर, आणि तो जागचा हलू नये असंही वाटत होतं. नाव आलं, जागा आली, डोळ्यांनी पाहिलेलं आलं. शब्द पुसून टाकल्यासारखे त्यांनी माझ्या पोटावरून दोनदा हात फिरवला, मग टॉवेल घेतला आणि त्याची टोकं जुळवू लागल्या.

सासूबाई कागदी पेले घेऊन परतल्या. एक त्यांनी माझ्या हातात दिला.

"काही बोलल्या?"

"टॉवेलांबद्दल," मी म्हटलं.

चहा इतका गरम होता की बोटं भाजली, पण मी पेला खाली ठेवला नाही. कादोवाकी-सानांनी माझ्याकडे एक क्षण जास्तच बघितलं आणि पेनला टोपण लावलं. सासूबाईंनी इसोए-सानांचे दोन्ही हात आपल्या हातांत घेतले, कपाळाला टेकवले, म्हणाल्या, "दमलात. आम्ही त्रास दिला." पर्स उघडून कागद घडी करून आत ठेवला.

दोन वाजून सात मिनिटं झाली होती. भेट संपायला अजून आठ होती. तरी आम्ही दाराशी आलो. सासूबाई लाकडी पायरीवर बसून बुटात पाय घालायला लागल्या. पाय जात नव्हता. मी वाकून त्यांची टाच बुटात सारली. त्या माझ्या डोक्याकडे बघून म्हणाल्या, "बरं झालं तू आलीस. एकटीला झेपलं नसतं."

नोनोका शेजारी उभी होती, एका पायात बूट, एक हातात. ती माझ्याकडे बघत होती, गोंधळलेली, चेंडू कोणीतरी लपवल्यावर बघते तशी.

"आई," ती म्हणाली, "त्या आजी तुझ्या पोटाला हात लावून एवढं सगळं बोलल्या, ते तू आजीला का नाही सांगितलंस?"