डाव्या काठाची मोजणी

वॉशिंग मशीनमध्ये काहीतरी खडखडायला लागलं, तशी फिलोमीन मामी बॅनक रोटीचं पीठ तसंच टाकून उठली.

"मेला हा माणूस! हजारदा सांगितलं, खिसे रिकामे करून कपडे टाक. मागच्या खेपेला बंदुकीची काडतुसं निघाली होती."

जेर्मेन हसत चहाचा घोट घेत बसली. आज तिला सगळ्याचंच हसू येत होतं. दुपारी तिने नदीवरची आतापर्यंतची बेरीज मारून पाहिली होती आणि सॅमन माशांचा आकडा सहा हजारांच्या घरात जात होता; दुकानात ती तो सगळ्यांना सांगूनही आली होती. पाच हजारांच्या वर गेला की पुढच्या उन्हाळ्यात अँटलर नदीवर पुन्हा जाळी टाकायची, असं गावाच्या सभेत ठरलेलं होतं. वरच्या अंगाचा डोंगर वणव्यात जळाला, त्याची राख पावसाने नदीत उतरली, तेव्हापासून जाळी बंद. गावातल्या मासे वाळवायच्या मांडवांवर आता मुलं झोके बांधत होती.

मामी परत आली. ओली मूठ तिने जेर्मेनच्या कपासमोर उघडली.

"घे बाई, तुझं मोजणीचं सामान. ह्याच्या पँटीत राहिलं होतं. माझं मशीन मोडलं असतं ना आत्ता!"

टेबलावर नारिंगी चकत्या पडल्या. शर्टाच्या बटणाएवढ्या, प्लास्टिकच्या, प्रत्येकीवर बारीक क्रमांक. मूठभर होत्या.

जेर्मेनने एक चकती उलटून तिच्यावरचा क्रमांक वाचला. तोंडावरचं हसू मात्र तसंच राहिलं, ते कसं आवरावं हेच तिला कळेना.

"काय गं? महत्त्वाच्या आहेत का?" मामीने विचारलं.

"नाही गं, मामी. राहिल्या असतील घाईत." तिने चकत्या गोळा करून जॅकेटच्या खिशात टाकल्या. चहा अर्धाच ठेवून ती निघाली.

ट्रक नदीपाशी आणून ती आतच बसून राहिली. ह्या चकत्या तिने स्वतः टोचल्या होत्या. ऑगस्टच्या शेवटी, नदीच्या मुखाशी, मावसबहीण रोझिनाने मासा धरायचा आणि जेर्मेनने त्याच्या पाठीच्या परावर चकती अडकवून त्याला सोडून द्यायचा. असे सहाशे मासे. मग मासे वर जाणार, अंडी घालणार आणि मरणार. मेलेल्यांत दर दहाला एक चकतीवाला सापडला तर सहाशे म्हणजे एक दशांश. सगळे मिळून सहा हजार. दर सहाला एक सापडला तर सगळे मिळून सुमारे साडेतीन हजारच. म्हणजे सापडणारी प्रत्येक चकती आकडा खाली ओढणार. इतक्या वर्षांत एक गोष्ट तिने कधी कुणाला बोलून दाखवली नव्हती. मेलेला मासा आकडीने उलटा करताना ती मनातल्या मनात म्हणायची, नसू दे.

पण असली की ती नोंदवायची. डाव्या काठावर मोजणारा इझिडोर मामा नोंदवत नव्हता.

डाव्या काठाला चकत्या कमी मिळतात, हे तिच्या लक्षात आलं नव्हतं असं नाही. तिकडे धार जोरात आहे, म्हणून असेल, असं तिने स्वतःला सांगितलं होतं. आकडा गोड होता, म्हणून तिने जास्त खोदलं नव्हतं. आता तेच तिला आठवत राहिलं. बाहेर पाण्याच्या कडेला बर्फाची साय धरत होती.

सकाळी ती पुलावरून पलीकडे गेली. मामा कमरेपर्यंतच्या रबरी बुटांत, गुडघाभर पाण्यात उभा होता. आकडीने मासा काठावर ओढायचा, उलटापालटा करून बघायचा, पुन्हा मोजला जाऊ नये म्हणून कोयत्याने दोन तुकडे करून पाण्यात सोडायचा. साठी उलटलेला माणूस, पण हात असा चाले की बघत राहावं. आई गेल्यावर जेर्मेनला त्यानेच वाढवलं होतं. पहिलं जाळं त्यानेच तिच्या हातात दिलं होतं.

"आज इकडे कशी स्वारी?" तो म्हणाला. "साहेबीणबाई तपासणीला आल्या वाटतं."

जेर्मेनने खिशातून मूठ काढली आणि उघडली.

मामाने बघितलं. मग वाकून आणखी एक मासा ओढला, तोडला, सोडला.

"फिलोमीन ना? तिला मशीनशिवाय काही सुचत नाही."

"मामा, का केलंस?"

"का म्हणजे? तुला कळत नाही का? तुम्ही त्या माशाला जाळ्यात धरता, कुशीत दाबता, पाठीत सुई खुपसता. तो अर्धमेला होतो. धडधाकट माशाच्या आधी मरतो आणि इथेच काठाला लागतो. मग तुम्हाला चकतीवालेच जास्त सापडणार. आणि तुम्ही म्हणणार, मासा कमी आहे. अगं, नदी भरलीय! मला दिसत नाही का?"

"मग हे मला सांगायचंस."

"सांगितलं होतं. गेल्या वर्षी. तू म्हणालीस, बघू."

तिला आठवेना. म्हणाली असेलही.

"आणि जाळी उघडायला हवीत, हे मनात नव्हतं?"

मामाने आकडी वाळूत रोवली. "होतं. का नसावं? दुकानातला गोठवलेला मासा खातोय आपण, पोरी. दुकानातला! माझ्या बापाला हे दाखवलं असतं तर त्याने माझ्या थोबाडीत मारली असती."

"किती काढल्यास?"

"ह्या आहेत ना."

"एवढ्याच?"

त्याने कोयता पाण्यात खळखळून धुतला. जेर्मेनला जी भीती होती तीच खरी निघाली.

"काही खिशात टाकल्या," तो शेवटी म्हणाला. "काही पाण्यात. मोजत कोण बसतंय?"

ती काठावरच्या ओल्या दगडांवर बसली. खिशातल्या चकत्या मोजणीत धरता आल्या असत्या. पाण्यात गेलेल्या कुठून आणायच्या? एका हंगामाचं काम, तिचं, रोझिनाचं, गारठलेली बोटं, सगळं नासलं होतं. तसाच आकडा दिला तर गाव जाळी टाकणार. आणि मासा खरोखर साडेतीन हजारच असेल तर? त्यातून जाळ्यांनी उचलला, तर तिच्या डोळ्यांदेखत नदी रिकामी होणार, आणि रिकामी करणारा आकडा तिच्या सहीचा असणार.

"डाव्या काठाची सगळी मोजणी मी टाकून देतेय," ती उठून म्हणाली. "एकूण एक. उजवा काठ माझा नि रोझिनाचा आहे, तेवढाच धरीन. पण तो कमी पडतो. बर्फ पडायच्या आत जमेल तेवढे मासे अजून बघायला लागतील."

"मी येतो."

"तू आकडीला हात लावायचा नाहीस."

मामाने आकडी वाळूतून उपटली आणि काठावर आडवी ठेवली. असं त्याला आयुष्यात कुणी म्हटलं नव्हतं.

पण दुसऱ्या दिवशी तो आला. बंदूक घेऊन उजव्या काठावर आला आणि एका ओंडक्यावर बसला. "अस्वलं उतरलीत," एवढंच म्हणाला. "कुणीतरी बघायला पाहिजे."

रोझिना दोघांकडे आळीपाळीने बघत राहिली. ती अंगाने जाडजूड आणि जिभेने त्याहून तिखट. "काय गं, कुणी मेलं का? मासे सोडून?"

"काम कर," जेर्मेन म्हणाली.

त्यांनी काम केलं. पाणी इतकं गार की पंधरावीस माशांनंतर बोटांना आकडी हातात आहे की नाही तेच कळेना. मासे आता कुजायला आले होते. पाठीची कातडी आकडीला लागून सोलून निघायची आणि चकती गळून पडली असेल का, हे परावरच्या भोकावरून ओळखावं लागे. जेर्मेन प्रत्येक मासा दोनदा बघत होती. नसू दे, हे मनात उमटलं की ती स्वतःवरच चिडायची. मग असू दे, असं उमटलं की त्यानेही घाबरायची. तेही तितकंच वाईट. काहीच मागत नाही असं मन कुठून आणायचं?

सगळ्यात जास्त मासा वळणावरच्या डोहात साचला होता. त्या दोघी तिकडे वळल्या तर काठावर एक अस्वलीण, दोन पिल्लं, निवांत जेवत बसलेली. मामा उठून उभा राहिला, बंदूक हातात.

"हवेत बार काढू?"

"पिल्लं आहेत, मामा. नको."

त्या थांबल्या. अस्वलीण एक मासा दातात धरी, पोट तेवढं फाडी आणि टाकून दुसरा उचली. तिला घाई नव्हती. ऊन डोंगराआड गेलं, तरी ती हलली नाही. त्या डोहाशिवायच त्यांना परतावं लागलं. रात्रीत बर्फ पडलं आणि मोजणी संपली.

सभा शाळेच्या व्यायामशाळेत भरली. खुर्च्या कमी पडल्या. मूस हरणाच्या रश्शाचं मोठं पातेलं मागे टेबलावर होतं, पण कुणी वाढून घेत नव्हतं. गावची प्रमुख सेलीनाताई म्हणाली, "जेर्मेन, सांग बाई एकदाचं. लोकांचा जीव टांगणीला लागलाय."

जेर्मेन कागद हातात घेऊन उभी राहिली. मामा शेवटच्या रांगेत टोपी मांडीवर ठेवून बसला होता. त्याच्याकडे बघायचं नाही, असं ती ठरवून आली होती.

"चार हजारांच्या आसपास," ती म्हणाली. "पण खात्रीने नाही. तीनही असतील. साडेपाचही असतील. ह्या वर्षी मला ह्याहून नेमकं सांगता येत नाही."

एकच गलका झाला. "तीन की साडेपाच? हा काय आकडा झाला?" "ह्यासाठी तुला पगार देतो का आम्ही?" पुढच्या रांगेतला हेक्टर उठला. त्याची जाळी गावात सगळ्यांत मोठी.

"दोन आठवड्यांपूर्वी तूच म्हणत होतीस सहा हजार. दुकानात, सगळ्यांसमोर. मग मासे काय उडून गेले?"

"डाव्या काठाची मोजणी मी धरलेली नाही."

"का?"

पाणी गढूळ होतं, असं सांगायचं तिने घरी ठरवलं होतं. वाक्य ओठांवर आलं. इतक्या लोकांसमोर ते बाहेर पडेना.

"त्या मोजणीवर माझा विश्वास नाही. काम माझ्या हाताखाली झालं, तेव्हा चूक माझी. ह्यापुढे मी बोलणार नाही."

"डाव्या काठाला तर इझिडोर होता," हेक्टर सावकाश म्हणाला.

खुर्च्या करकरल्या. सगळ्या माना मागे वळल्या. फिलोमीन मामी आधी नवऱ्याकडे, मग जेर्मेनकडे बघत राहिली आणि तिच्या ध्यानात आलं. तिने हात तोंडावर नेला.

मामा उभा राहिला. "होतो. चकत्या मी काढून टाकल्या. तिला माहीत नव्हतं." थोडं थांबून तो पुन्हा म्हणाला, "पण टोचलेला मासा आधी मरतो, हे माझं म्हणणं आहे. तिला विचारा, मी खोटं बोलतोय का."

आता सगळे तिच्याकडे बघत होते. नाही म्हटलं तर मामा निव्वळ लबाड ठरत होता. हो म्हटलं तर तिचा स्वतःचा आकडा डळमळत होता.

"खोटं नाही," जेर्मेन म्हणाली. "असं होऊ शकतं. होतं की नाही, किती होतं, ते मला माहीत नाही. शोधायला लागेल."

"मग जाळी टाकायची की नाही, ते सांग," सेलीनाताई म्हणाली.

"ते मी कसं सांगू, ताई? मला विचाराल तर माझा हात जाळी बंद ठेवायला वर जाईल. भीतीने जाईल. पण जाईल."

हात वर झाले. थोड्याच हातांच्या फरकाने जाळी बंद राहिली. मामाचा हात कुठल्याच बाजूला वर गेला नाही. हेक्टर जाताना जेर्मेनच्या खुर्चीला मुद्दाम धक्का देऊन गेला आणि तिच्या ओळखीच्या दोन बायका न बोलता बाजूने निघून गेल्या.

बाहेर बर्फात मामाचा ट्रक सुरू होईना. मामी रागाने आधीच बहिणीबरोबर निघून गेली होती. जेर्मेनने आपल्या ट्रकचं दार उघडून धरलं. तो आत बसला. वाटेत काचेवरचे वायपर बर्फ सारत होते.

"पुढच्या वर्षी डाव्या काठाला कुणाला लावणार?" त्याने विचारलं.

"रोझिनाला."

"तिला धड दिसत नाही."

"चष्मा घेतलाय तिने."

"हं." तो खिडकीबाहेर बघत राहिला. "टोचलेला मासा आधी मरतो की नाही, ते कसं शोधणार?"

"थोडे टोचलेले, थोडे न टोचलेले, पिंजऱ्यात ठेवायचे. रोज जाऊन बघायचं."

"रोज कोण जाणार?"

जेर्मेनने वळणावर गाडी सावकाश घेतली. तू जा, असं म्हणावंसं वाटत होतं, पण त्याचा हात पुन्हा मोजणीला लागू द्यायला तिचं मन धजेना. घर आलं. मामा उतरला, दार हळू लावलं आणि मागे न बघता पायऱ्या चढला. स्वयंपाकघरात दिवा होता. मामी जागी होती आणि आता तिथे काय होणार, ते जेर्मेनला गाडीतसुद्धा ऐकू येणार होतं.

ती घरी गेली नाही. पुलावर गाडी थांबवून खाली उतरली. पाणी काळं वाहत होतं. खाली, वाळूच्या आत, अंडी होती. मासा तीन हजार असो की साडेपाच, त्याची अंडी आता वसंतापर्यंत तिथेच राहणार होती आणि ती मोजायचा कुठलाच उपाय तिच्याकडे नव्हता. गार वारा अंगात शिरेपर्यंत ती कठड्याला धरून उभी राहिली.